लासलगावचा कांदा, २०२३ ते २०२५ : उशिरा पोचणाऱ्या निर्णयांचे प्रकरण

२७ फेब्रुवारी २०२३ रोजी नाशिक जिल्ह्यातल्या लासलगावच्या बाजार समितीत शेतकऱ्यांनी कांद्याचा लिलाव बंद पाडला. लाल, म्हणजे काढल्याबरोबर विकावा लागणारा, कांदा किलोला दोन ते चार रुपयांवर आला होता. त्याच महिन्यात सोलापूरच्या बाजारात एका शेतकऱ्याने दहा गोण्या, म्हणजे ५१२ किलो कांदा विकला. भाव किलोला एक रुपया लागला. गाडीभाडे, हमाली आणि तोलाई मिळून पाचशे नऊ रुपये आणि काही पैसे कापले गेले आणि त्याच्या हाती दोन रुपयांचा धनादेश पडला. त्या हिशेबपट्टीचे छायाचित्र देशभर फिरले. पुढे साडेनऊ महिन्यांनी, ७ डिसेंबर २०२३ रोजी, केंद्र सरकारने कांदा फार महाग झाला म्हणून त्याची निर्यात पूर्णपणे बंद केली.

एकाच पिकाच्या बाबतीत एकाच वर्षात घडलेल्या या दोन घटनांकडे आपण सहसा दोन वेगळ्या बातम्या म्हणून पाहतो. पहिलीत व्यापारी किंवा हवामान दोषी ठरते आणि दुसरीत साठेबाज किंवा सरकार. प्रस्तुत लेखात त्या दोन घटना आणि त्यानंतरचे सुमारे सव्वा वर्ष एकाच साखळीचे दुवे म्हणून मांडले आहेत. या साखळीतल्या जवळजवळ प्रत्येकाने आपल्या समोर दिसणाऱ्या भावाला धरून शहाणपणाचाच निर्णय घेतला. मात्र ज्या भावाकडे पाहून तो घेतला, तो भाव निर्णयाचा परिणाम दिसेपर्यंत शिल्लक राहिला नाही, आणि सगळा गुंता तिथेच झाला, असे माझे म्हणणे आहे.

पिकाचे वेळापत्रक

नाशिक जिल्ह्यात कांदा वर्षातून तीनदा येतो. पोळ, म्हणजे खरिपाचा कांदा जुलै-ऑगस्टमध्ये लावतात आणि तो ऑक्टोबर ते डिसेंबर निघतो. रांगड्याची लागवड त्यानंतर, पावसाळा सरता सरता होते आणि तो जानेवारी ते मार्च बाजारात असतो. उन्हाळ कांदा डिसेंबर-जानेवारीत लावला की मार्चअखेरीपासून मेपर्यंत काढणीला येतो. पहिल्या दोन्ही कांद्यांत पाणी जास्त असते, ते टिकत नाहीत, त्यामुळे काढले की विकावेच लागतात. टिकतो तो उन्हाळ, आणि देशाच्या एकूण उत्पादनातला सुमारे दोन तृतीयांश वाटा त्याचाच असतो. मे महिन्यात चाळीत, म्हणजे कांदा साठवण्याच्या हवेशीर कोठारात, भरलेला हा कांदा ऑक्टोबर-नोव्हेंबरपर्यंत देशाला पुरवायचा असतो. पोळ कांदा वेळेवर आला तर चाळ रिकामी होता होता नवा माल दिसू लागतो. तो महिनाभर लांबला तर मधल्या खिंडीत भाव उसळतो.

लागवडीआधी दीड-दोन महिने उळे, म्हणजे कांद्याचे बी, टाकून रोप तयार करावे लागते. म्हणजे उन्हाळ कांदा किती करायचा हे शेतकरी ऑक्टोबर-नोव्हेंबरात ठरवतो, तो माल एप्रिलमध्ये हाती येतो आणि चाळीत ठेवला तर पुढच्या ऑक्टोबरपर्यंत विकला जातो. निर्णय आणि विक्री यांत सहा महिन्यांपासून वर्षभराचे अंतर पडते. एवढ्या अंतरावरचा भाव कोणालाच दिसत नसल्याने शेतकरी आज दिसणाऱ्या भावावर भिस्त ठेवतो. शेजारीही तोच भाव पाहून तेच ठरवतो आणि सहा महिन्यांनी सगळ्यांचा माल एकदम येतो. चढ्या भावामुळे लागवड वाढते, लागवडीमुळे भाव पडतो, पडलेल्या भावामुळे लागवड घटते आणि पुन्हा भाव चढतो. परिणामाने उलटून कारणावरच परिणाम करण्याची, एरवी तोल सावरणारी ही प्रतिपुष्टी मधल्या विलंबामुळे झोके देऊ लागते. अर्थशास्त्रज्ञ निकोलस काल्डोर यांनी १९३४ मध्ये या वर्तनाला कोळिष्टकाचे नाव दिले, कारण भाव आणि उत्पादन यांची आलेखावरची रेघ तशीच फिरत जाते. नाशिकच्या शेतकऱ्याला काल्डोर माहीत असण्याचे कारण नाही. ‘एक साल कांदा रडवतो, एक साल हसवतो’ अशा बोलीत हा अनुभव तिथे मुरलेला आहे.

झोका एवढा मोठा का असतो, याचे कारण मागणीत आहे. कांदा स्वस्त झाला म्हणून कोणी दुप्पट खात नाही आणि महागला म्हणून फोडणीतून तो चटकन जात नाही. मागणी अशी ताठ असली की आवकेत दहा टक्क्यांची घट झाली तरी भाव दुपटीवर जाऊ शकतो आणि तेवढ्याच वाढीने तो मातीमोल होऊ शकतो. २०२२-२३ मध्ये देशात सुमारे ३०२ लाख टन कांदा पिकला आणि त्यातला जेमतेम २५ लाख टन निर्यात झाला. आठ-साडेआठ टक्क्यांचा हा वाटा दिसायला किरकोळ आहे, पण भाव ठरतो तो अशाच काठावरच्या टक्क्यांवर. म्हणून निर्यातीची दोरी ओढली की लासलगावचा लिलाव त्याच आठवड्यात हलतो.

फेब्रुवारी ते डिसेंबर

फेब्रुवारी २०२३ मध्ये रांगडा मोठ्या प्रमाणात आला आणि त्या महिन्यातल्या असाधारण उष्णतेने तो धरून ठेवण्याची उरलीसुरली शक्यताही संपवली. महाराष्ट्र सरकारने १ फेब्रुवारी ते ३१ मार्च या काळात विकलेल्या लाल कांद्यासाठी क्विंटलला ३५० रुपये आणि एका शेतकऱ्याला २०० क्विंटलपर्यंत अनुदान जाहीर केले. पडलेल्या भावावर ही फुंकर होती. तिने त्या हंगामाच्या वेदना कमी केल्या असतील, पण पुढच्या लागवडीबद्दल ती काहीच सांगत नव्हती.

मार्च-एप्रिलमध्ये उन्हाळ कांदा शेतात असताना आणि काढणी चालू असताना अवकाळी पाऊस आणि गारपीट झाली. इथे या प्रकरणातला सर्वांत कमी दिसलेला आणि सर्वांत महत्त्वाचा बदल झाला. भिजलेला कांदा त्या दिवशी बाजारात नेला तर नेहमीसारखाच दिसतो आणि उत्पादनाच्या आकड्यात तो टनाला टन धरला जातो. त्याचे टिकणे मात्र कमी झालेले असते. देशाच्या नोंदीत २०२३ चा रब्बी, म्हणजे उन्हाळ, कांदा सुमारे २३७ लाख टन होता, म्हणजे कागदावर साठा भरपूर होता. चाळीतला साठा किती महिने पुरेल, ही वेगळी गोष्ट होती.

कांदा चाळ समोर पाहिल्याशिवाय हा फरक नीट कळत नाही. जमिनीपासून दीड-दोन फूट उंचीवर लाकडी किंवा बांबूच्या पट्ट्यांचा तळ, दोन्ही बाजूंना पट्ट्यांच्याच भिंती, चार-साडेचार फूट रुंदीचे लांब कप्पे आणि वर कौले किंवा पत्रा, अशी तिची रचना असते. हवा खालून शिरून कांद्यांमधून वर निघावी एवढाच तिचा यांत्रिक भाग. जून-जुलैत दमट वारा सुरू झाला की आतल्या एखाद्या भिजक्या कांद्यापासून सड पसरू लागते, चाळीखाली काळपट पाणी टिपकू लागते, वरच्या सालीवर काजळी धरते आणि ऑगस्टच्या पुढे कोंब दिसू लागतात. चांगल्या सालीही चार-पाच महिन्यांत साठ्याचा पाव हिस्सा घट आणि सड यांत जातो आणि वाईट साली तो एक तृतीयांशाच्या पुढे जातो. चाळ उघडून निवड करावी तर हात लागलेला माल ताबडतोब विकावा लागतो. त्यामुळे आत किती चांगले उरले आहे हे खुद्द मालकालाही अंदाजानेच ठाऊक असते. हजारो चाळींची बेरीज तर कुणापाशीच नसते.

मग ऑगस्ट आला. १९०१ पासूनच्या नोंदीत २०२३ चा ऑगस्ट देशात सर्वांत कोरडा ठरला. खरिपाची लागवड लांबली, पोळ कांदा उशिरा येणार हे दिसू लागले आणि चाळीतला माल अपेक्षेपेक्षा लवकर खराब होत असल्याचे व्यापाऱ्यांच्या खळ्यांवर कळू लागले. भाव वाढू लागले. १९ ऑगस्टला केंद्राने निर्यातीवर ४० टक्के शुल्क लावले. नाशिकमधले लिलाव दोन-तीन दिवस बंद राहिले. केंद्राने २,४१० रुपये क्विंटल दराने आणखी दोन लाख टन खरेदी करू असे सांगून ते सुरू करवले. २० सप्टेंबरपासून व्यापाऱ्यांनी सुमारे दोन आठवडे पुन्हा लिलावावर बहिष्कार टाकला. या बहिष्काराचा हिशेब फारसा मांडला जात नाही. त्या दोन आठवड्यांत चाळीतला कांदा सडणे काही थांबले नव्हते.

२९ ऑक्टोबरपासून टनामागे ८०० डॉलर किमान निर्यात मूल्य, म्हणजे ज्याखाली निर्यात करता येत नाही असा दर, लागू झाले. सरकारच्या राखीव साठ्याचे लक्ष्य तीन लाख टनांवरून पाच आणि मग सात लाख टनांवर नेले गेले. दिल्लीत गाड्या उभ्या करून २५ रुपये किलोने कांदा विकला जात होता. नोव्हेंबरात पाच राज्यांच्या विधानसभा निवडणुका झाल्या, ३ डिसेंबरला बहुतेक ठिकाणची मतमोजणी झाली, आणि चार दिवसांनी निर्यातबंदीची अधिसूचना निघाली. तारखा एवढ्या जवळ असल्या तरी केवळ निवडणुकीकडे बोट दाखवून हा निर्णय उलगडत नाही. कांद्याच्या भावाने १९९८ मध्ये दिल्ली राज्यातली सत्ता घालवली, ही समजूत सर्वच पक्षांच्या मनात घट्ट आहे. शिवाय त्या वेळच्या ग्राहक किंमत निर्देशांकात कांद्याचा भार ०.६४ टक्के, म्हणजे एका टक्क्याहूनही कमी असला, तरी भाव दुप्पट झाला की तेवढ्यानेही महागाईचा आकडा हलतो. दिल्लीला दिसत होता तो नोव्हेंबरचा किरकोळ भाव, आणि नोव्हेंबरचा किरकोळ भाव खरोखरच जास्त होता.

बंदी लागू झाली तेव्हा

डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात लांबलेला पोळ कांदा बाजारात येतच होता आणि त्यामागे रांगडा उभा होता. टंचाई जी काही होती ती बंदी नसती तरी काही आठवड्यांत ओसरायला लागली असती. ओसरणाऱ्या टंचाईवर बंदी पडली आणि चार हजारांच्या घरात असलेला लासलगावचा सरासरी भाव महिनाभरात निम्म्याखाली आला. शहरातल्या ग्राहकाला दिलासा मिळाला, यात वाद नाही. पण हा दिलासा कोणत्या महिन्यात दिला गेला हे पाहिले पाहिजे, कारण त्याच महिन्यात नाशिक, अहमदनगर, पुणे आणि सोलापूर जिल्ह्यांत उन्हाळ कांद्याचे रोप लागवडीला तयार होते. पडता भाव पाहून, आणि त्या वर्षीच्या अपुऱ्या पावसाने विहिरींना पाणी नसल्याने, अनेकांनी कमी कांदा लावला. बंदी आणि पाणी यांतल्या कोणत्या कारणाचा वाटा किती, हे वेगळे काढता येत नाही, आणि ते तसे काढू पाहणे हीच इथली पहिली चूक ठरते. कोरड्या वर्षात पाणी असलेला शेतकरी भाव बरा दिसला तर जोखीम घेतो. तो दिसला नाही की दोन्ही कारणे एकमेकांना बळ देतात.

देशाबाहेरची साखळी आणखी वेगाने हलली. ढाक्यात एक-दोन दिवसांत कांदा दुपटीच्या आसपास गेला. बांगलादेशाला हे नवे नव्हते. सप्टेंबर २०१९ मधल्या अशाच अचानक बंदीनंतर त्या वेळच्या पंतप्रधान शेख हसीना यांनी दिल्लीतल्या कार्यक्रमात, आपण स्वयंपाक्याला कांद्याविना जेवण करायला सांगितले आहे, असे हसत सुनावले होते. हसण्यावारी नेलेला तो टोमणा व्यापाराच्या भाषेत गंभीर होता. भारत कधीही पुरवठा तोडू शकतो हे एकदा कळले की गिऱ्हाईक दुसरी दुकाने शोधून ठेवते. २०२३-२४ मध्ये आखाती देश, मलेशिया आणि श्रीलंका इथल्या बाजारांत पाकिस्तान, चीन, इजिप्त, तुर्की यांच्या कांद्याला जागा मिळाली, आणि बांगलादेशाने स्वतःचे उत्पादन वाढवण्यावर भर दिला. बंदी उठली की ही जागा आपोआप परत मिळत नाही. म्हणजे निर्यात बंद करणे हे नळ बंद करण्याइतके सोपे असले, तरी ती पुन्हा सुरू करणे तितके सोपे नाही. धोरणाची आखणी मात्र दोन्ही दिशांना सारखाच वेळ लागतो असे मानून होते.

३१ मार्च २०२४ पर्यंतची बंदी पुढे बेमुदत वाढवली गेली. एप्रिलमध्ये मुख्यतः गुजरातेत पिकणाऱ्या दोन हजार टन पांढऱ्या कांद्याला निर्यातीची मुभा मिळाली आणि नाशिकमध्ये संताप उसळला. दोन हजार टनांनी बाजार हलत नाही, पण व्यवस्थेवरचा विश्वास हलतो, आणि विश्वास हाही या व्यवस्थेतला एक साठाच आहे. बंदी उठली ती ४ मे रोजी, ५५० डॉलर किमान मूल्य आणि ४० टक्के शुल्क यांच्यासह. २० मे रोजी नाशिक आणि दिंडोरीत लोकसभेसाठी मतदान झाले आणि दिंडोरीत केंद्रीय राज्यमंत्री भारती पवार पराभूत झाल्या. कांद्याने सरकार धास्तावते ते ग्राहकाच्या बाजूने. या वेळी त्याच कांद्याने उत्पादकाच्या बाजूने हिशेब मागितला.

उशिरा आलेले उत्तर

२०२४ चा रब्बी कांदा सुमारे १९२ लाख टन निघाला, म्हणजे आदल्या वर्षापेक्षा जवळपास पाचव्या हिश्शाने कमी. २०२३-२४ चे एकूण उत्पादन ३०२ वरून २४२ लाख टनांच्या आसपास आले. चाळी कमी भरल्या, आणि ऑक्टोबर-नोव्हेंबर २०२४ मध्ये भाव पुन्हा चढले. १३ सप्टेंबर २०२४ रोजी शुल्क २० टक्क्यांवर आणून किमान मूल्य काढले होते, त्यामुळे चढ्या भावाचा काही वाटा शेतकऱ्यापर्यंत पोचला. तो भाव पाहून उन्हाळ कांद्याची लागवड वाढली. २०२५ च्या रब्बीचा अंदाज २२७ लाख टनांचा आला, अठरा टक्क्यांहून अधिक वाढीचा. २१ मार्च २०२५ रोजी लासलगावचा सर्वसाधारण भाव १,३३० रुपये क्विंटल होता. दुसऱ्याच दिवशी सरकारने उरलेले २० टक्के शुल्क १ एप्रिलपासून रद्द करण्याचे जाहीर केले.

या तारखा एका ओळीत ठेवल्या की एक गोष्ट लक्षात येते. स्वस्ताईच्या महिन्यांत अनुदान आणि शुल्कमाफी, महागाईच्या महिन्यांत शुल्क आणि बंदी. प्रत्येक उपाय त्या त्या दिवसाच्या भावाला उत्तर म्हणून बरोबर होता, आणि प्रत्येक उपायाचा लागवडीवरचा परिणाम पुढच्या हंगामात, बहुतेक वेळा नको त्या दिशेने झाला. २०२३ च्या डिसेंबरातली बंदी हे २०२४ च्या नोव्हेंबरातल्या महागाईचे एकमेव कारण नव्हे, पण तिच्या कारणांतले एक होते. ही बंदी २०२३ च्या महागाईवरचा उपाय होती, हे ध्यानात घेतले की सरकार या व्यवस्थेच्या बाहेर उभे राहून तिला सावरते, ही कल्पना टिकत नाही. सरकार तिच्या आत आहे. शेतकरी उळे टाकताना पावसाबरोबर दिल्लीचाही अंदाज बांधतो, व्यापारी माल धरताना छाप्याची आणि साठा मर्यादेची शक्यता धरून जास्तीचा वाव ठेवतो, आणि हे दोन्ही अंदाज मिळून पुढची लाट ठरते. साठेबाजी होतच नाही असे म्हणण्याचा भोळेपणा मला करायचा नाही. पण महिन्यागणिक सडणाऱ्या मालाची साठेबाजी करून वर्षभर भाव ताब्यात ठेवता येतो, हे मानायला मी तयार नाही.

लासलगावला भाभा अणुसंशोधन केंद्राच्या तंत्रावर उभे राहिलेले विकिरण केंद्र दोन दशकांहून अधिक काळ आहे. विकिरणाने कोंब थांबतात, सड थांबत नाही. त्यापुढे शीतगृहाची जोड लागते आणि तिचा खर्च स्वस्त सालातल्या कांद्याला पेलत नाही. सुधारित चाळी, टिकाऊ वाण, प्रक्रिया उद्योग हे सारे उपयोगाचेच आहे, पण साठवण वाढल्याने विलंब कमी होत नाही, तो फक्त थोडा सहन होतो. भाव अमुक पातळीवर गेला की इतके शुल्क आणि खाली आला की इतके, अशी पायरी हंगामाआधीच जाहीर झाली तर शेतकऱ्याला निदान दिल्लीचा अंदाज बांधावा लागणार नाही, आणि परदेशी गिऱ्हाईकालाही भारताशी करार करता येईल. सरकारे हे टाळतात, कारण जाहीर पायरीने त्यांचे हात बांधले जातात, आणि निवडणुकीच्या महिन्यात मोकळे हात कुणालाही हवे असतात.

त्याहून स्वस्त आणि माझ्या मते आधी करण्याजोगी गोष्ट म्हणजे चाळींची मोजणी. आज देशाला कांद्याचे उत्पादन कळते, निर्यात कळते, रोजची आवक कळते, पण जुलैत किती चांगला कांदा शिल्लक आहे हे कळत नाही, आणि पुढचे सगळे निर्णय त्याच एका आकड्यावर उभे असतात. नाशिक, अहिल्यानगर (पूर्वीचे अहमदनगर), पुणे, सोलापूर, धुळे एवढ्याच जिल्ह्यांतल्या निवडक चाळी जून, जुलै आणि ऑगस्टमध्ये उघडून, सड किती, घट किती, कोंब किती हे ठरावीक पद्धतीने नोंदवणे सहायक कृषी अधिकाऱ्यांच्या (पूर्वीच्या कृषी सहायकांच्या) आवाक्यातले काम आहे. राजगुरुनगरचे कांदा-लसूण संशोधन केंद्र त्याची रीत घालून देऊ शकते. चाळ उघडल्यावर निवडलेला माल तिथेच विकावा लागतो, म्हणून अशा चाळमालकाला त्या मालाचा त्या दिवसाचा भाव देऊन तो राखीव साठ्यात उचलण्याची तरतूद सोबत करावी लागेल. तसे असते तर २०२३ च्या भिजक्या कांद्याची खबर ऑगस्टच्या भावातून कळण्याऐवजी जुलैच्या पहिल्या पंधरवड्यात चाळींमधूनच कळली असती, आणि खरिपाचे रोप अजून वाफ्यात असताना त्यावर काही करता आले असते.